अंतिम तारखेआधी निकाल, नंतरच्या तारखेचं सर्टिफिकेट आणि शेरा ‘अपात्र’

माळरान

बरेच दिवस लिहायचं मनात होतं, आज लिहूनच टाकतो. माझ्या धाकट्या बहिणीची गोष्ट आहे. लिपिक-टंकलेखकाची भरती होती, खात्याचं नाव इथे मुद्दाम लिहीत नाही. तिची पदवी झालेली होती, मराठी ३० ची (मिनिटाला ३० शब्द) टायपिंगची परीक्षा दिलेली होती आणि त्याचा निकाल ऑनलाइन लागला तो अर्जाच्या शेवटच्या तारखेच्या नऊ दिवस आधी. पास. म्हणून तिने अर्ज भरला, नाहीतर भरला नसता, त्या बाबतीत ती फार काटेकोर आहे. छापील सर्टिफिकेट मात्र आलं दीड महिन्याने आणि त्यावर तारीख पडली ती छपाईच्या वेळची, म्हणजे शेवटच्या तारखेनंतरची.

लेखी परीक्षा झाली, चाचणी झाली, तात्पुरत्या निवड यादीत नाव आलं. मग कागदपत्र पडताळणी. टेबलावरच्या साहेबांनी सर्टिफिकेट हातात घेतलं, तारखेवर बोट ठेवलं आणि म्हणाले हे चालणार नाही. तिने निकालाची प्रिंट दाखवली तर म्हणाले ती वेबसाइटची प्रिंट आहे, प्रमाणपत्र नाही. तीन आठवड्यांनी यादी आली, तिच्या नावासमोर शेरा – ‘अंतिम दिनांकास अर्हता धारण करीत नाही, सबब अपात्र’.

चार वर्षं अभ्यासिकेत काढलेल्या मुलीला एका ओळीत अपात्र म्हणताना समोरच्याला काहीच वाटलं नसेल का, हा प्रश्न मला अजून सोडत नाही. पण तो बाजूला ठेवतो. मला समजून घ्यायचंय ते हे की कायद्याने यात काय होतं, कोर्टात गेलं तर कुठल्या कोर्टात, किती दिवसांत. आणि इतरांचेही पात्रतेवरून असे वाद झाले असतील तर लिहा, म्हणजे एका जागी राहील, पुढच्याला कामाला येईल.

चष्मेवाली

वाचून वाईट वाटलं. माझं थोडं उलटं झालं होतं म्हणून सांगते. माझा पदवीचा निकालच शेवटच्या तारखेनंतर अकरा दिवसांनी लागला होता. मी अर्ज भरला कारण मैत्रीण म्हणाली मुलाखतीपर्यंत निकाल लागला की झालं. नाही झालं. मला बाहेर काढलं आणि वकिलांनी पाच मिनिटांत सांगितलं की केस नाही. तेव्हा फार राग आला होता. तुमच्या बहिणीचं माझ्यासारखं नाहीये असं मला वाटतंय, पण नेमका फरक कसा मांडायचा ते जाणकार सांगतील.

कोर्टवारी

फरक आहे आणि सगळी केस त्या फरकावरच आहे. मी वकील नाही, पण सेवाविषयक केसेस करणाऱ्या वकिलांच्या ऑफिसात बरीच वर्षं काम करतोय, रोज हेच कागद हातात असतात, त्यामुळे जे माहितीये ते सविस्तर लिहितो.

आधी चष्मेवाली ताईंचं. जम्मू-काश्मीरमध्ये ज्युनियर इंजिनियरच्या भरतीत अगदी हेच झालं होतं, काही उमेदवारांचा निकाल अर्जाच्या शेवटच्या तारखेनंतर लागला पण मुलाखतीच्या आधी लागला. सुप्रीम कोर्टात पहिल्या फेरीत बहुमताने त्यांच्या बाजूने निकाल गेला, की मुलाखतीच्या दिवशी पात्र होते ना, मग झालं. पुढे त्याचा फेरविचार झाला आणि १९९७ मध्ये तीन न्यायमूर्तींनी तो विचार चुकीचा ठरवला. अशोक कुमार शर्मा विरुद्ध चंदर शेखर. तेव्हापासून हे पक्कं आहे की पात्रता बघायची ती ठरलेल्या तारखेला, आणि ती तारीख कुठून घ्यायची त्याचाही क्रम ठरलेला आहे, आधी सेवा प्रवेश नियम (त्या पदाच्या भरतीचे सरकारी नियम) बघायचे, त्यात नसेल तर जाहिरात, जाहिरातीतही नसेल तर अर्ज स्वीकारायची शेवटची तारीख. भूपिंदरपाल सिंगच्या केसमध्ये २००० साली हे स्पष्ट शब्दांत आलंय.

आता तुमच्या बहिणीचं. तिची अर्हता शेवटच्या तारखेच्या आधी पूर्ण झालेली आहे. कागद नंतर आला. अर्हता मिळवणं एक आणि अर्हतेचा पुरावा हजर करणं दुसरं, हा फरक न्या. कृष्ण अय्यर यांनी १९८० मध्येच केलेला आहे, चार्ल्स स्कारियाच्या केसमध्ये. ती नोकरीची नव्हती, मेडिकलच्या पदव्युत्तर प्रवेशाची होती, पण तत्त्व तेच. ठरलेल्या तारखेआधी डिप्लोमा हातात असणं हे मूळ, तो सिद्ध कसा करायचा ही नंतरची गोष्ट. पुढे २००५ मध्ये डॉली छंदा नावाच्या मुलीच्या केसमध्ये हेच परत आलं. माजी सैनिकाची मुलगी होती, सैनिक बोर्डाने दिलेल्या पहिल्या दाखल्यात चूक होती, दुरुस्त दाखला नंतर आला म्हणून एमबीबीएसची सीट गेली होती. कोर्टाने सांगितलं की पात्रता त्या तारखेला असलीच पाहिजे, त्यात सूट नाही, पण पुराव्याच्या बाबतीत थोडी ढिलाई देता येते, प्रत्येक गोष्टीला एकच फूटपट्टी लावायची नाही.

म्हणून जाहिरातीतली त्या कलमाची शब्दरचना जशीच्या तशी इथे टाका. आपल्या शब्दांत नको. ‘अर्हता धारण करणे’ आहे की ‘प्रमाणपत्र धारण करणे’ आहे की ‘प्रमाणपत्र सादर करणे’, या तिन्हींचे अर्थ वेगळे निघतात.

माळरान

जाहिरात काढून बघितली. ‘उमेदवाराने अर्ज स्वीकारण्याच्या अंतिम दिनांकास विहित शैक्षणिक व तांत्रिक अर्हता धारण केलेली असणे आवश्यक आहे.’ आणि पुढे एक ओळ – ‘गुणपत्रकावरील/निकालाचा दिनांक हा अर्हता धारण केल्याचा दिनांक समजण्यात येईल.’ ही दुसरी ओळ मी आज पहिल्यांदा नीट वाचली!

कोर्टवारी

मग तुमची बाजू मला वाटलं होतं त्यापेक्षा बरीच मजबूत आहे. निकालाचा दिनांक धरायचा हे त्यांनीच लिहून ठेवलंय. पडताळणीच्या टेबलावर सर्टिफिकेटची तारीख बघायची सवय असते, ती सवय जाहिरातीपेक्षा मोठी होऊ शकत नाही. आता पहिलं काम, ज्यांनी टायपिंगची परीक्षा घेतली त्यांच्याकडून निकाल कुठल्या तारखेला जाहीर झाला याचं सही-शिक्क्याचं पत्र घ्या. प्रिंटआउटवर विसंबू नका.

निवृत्त_अधीक्षक

मी टेबलाच्या पलीकडे बसलेला माणूस आहे, आस्थापना शाखेत आयुष्य गेलं, त्यामुळे तिकडची बाजूही लिहितो, राग मानू नका.

पडताळणीच्या दिवशी दोनशे-अडीचशे उमेदवार असतात आणि समोर चेकलिस्ट असते. कर्मचाऱ्याला स्वतःचं डोकं चालवायचा अधिकार नसतो, आणि खरं सांगायचं तर चालवलं तर चौकशी त्याचीच लागते. एखाद्याला सवलत दिली आणि खालच्या उमेदवाराने माहिती अधिकारात फाईल मागवली की उत्तर द्यायला तोच उभा. म्हणून शंका आली की ‘अपात्र’ लिहून मोकळं व्हायचं, उमेदवार वरती दाद मागेल. हे बरोबर आहे असं मी म्हणत नाही, ते असं चालतं एवढं सांगतोय.

पण पात्रतेची अट कडक का ठेवतात, त्याचं एक खरं कारण आहे आणि ते कुणी बोलत नाही. १९९० साली सुप्रीम कोर्टाने विजयनगरमच्या एका शिक्षिकेच्या केसमध्ये ते मांडलंय. जाहिरातीत एक अट लिहिली आणि नंतर अट पूर्ण न करणाऱ्याला घेतलं, तर तो प्रश्न फक्त घेणारा आणि घेतलेला या दोघांतला राहात नाही. अट वाचून, आपण बसत नाही म्हणून ज्यांनी अर्जच केला नाही अशी कितीतरी माणसं बाहेर असतात, त्यांच्यावर अन्याय होतो. ती माणसं कोर्टात येत नाहीत कारण त्यांना माहीतच नसतं की आत सवलत दिली गेली. मी नोकरीत असताना हा निकाल माझ्या टेबलाच्या खणात ठेवला होता. चष्मेवाली ताईंसारख्या मुलीने प्रामाणिकपणे अर्ज केला नसता आणि तशाच दुसऱ्या मुलीला आत घेतलं असतं तर?

माळरान यांच्या बहिणीचं प्रकरण त्यात बसत नाही. तिला सवलत नकोच आहे. जाहिरातीत लिहिलंय तेवढंच तिला हवंय.

चष्मेवाली

काका, हे मला आजवर कुणीच असं समजावून सांगितलं नव्हतं. माझ्या वकिलांनीही नाही. धन्यवाद.

रात्रअभ्यास

जातीचा दाखला, नॉन-क्रिमीलेयर, ईडब्ल्यूएस (आर्थिक दुर्बल घटक) यांच्या तारखांचं काय? कारण आमच्या ग्रुपमध्ये कायम कुणीतरी गिजरोयाचा निकाल फिरवत असतं की दाखला नंतर दिला तरी चालतो.

कोर्टवारी

राम कुमार गिजरोया, २०१६, दिल्लीतल्या स्टाफ नर्सची भरती. तिथे ओबीसीचा दाखला शेवटच्या तारखेनंतर दिला होता आणि कोर्टाने तो मान्य केला, कारण माणूस जन्माने त्या प्रवर्गाचा असतो, दाखला त्याला त्या प्रवर्गात टाकत नाही, तो फक्त पुरावा आहे. निकाल खरा आहे. पण तेवढा एकच निकाल घेऊन कोर्टात जाऊ नका हे कळकळीने सांगतो.

कारण ऑक्टोबर २०२३ मध्ये दिव्या विरुद्ध भारत सरकार आला, यूपीएससीच्या २०२२ च्या नागरी सेवा परीक्षेचा. ईडब्ल्यूएसचा दाखला ठरलेल्या तारखेपर्यंत ठरलेल्या नमुन्यात नव्हता, उमेदवारांनी हेच म्हटलं की आम्ही गरीब तर होतोच, कागद नंतर आला. कोर्टाने ऐकलं नाही. तिथे दाखला त्या तारखेला हातात असणं हीच नियमातली अट होती, आणि आर्थिक स्थिती ही जातीसारखी जन्माने ठरत नाही, ती त्या त्या आर्थिक वर्षाच्या उत्पन्नावर ठरते.

नॉन-क्रिमीलेयरचंही तसंच डोक्यात ठेवा. जात जन्माने आहे पण क्रिमीलेयरमध्ये नसणं हे उत्पन्नावर आहे, म्हणून त्याची वैधता कुठल्या तारखेला हवी ते प्रत्येक जाहिरातीत वेगळं असू शकतं. मागच्या जाहिरातीत चाललं म्हणून या वेळी चालेल हे गृहीत धरणाऱ्यांच्या फायली आमच्या ऑफिसात सगळ्यात जास्त आहेत.

रात्रअभ्यास

आणि अटच मधे बदलली तर? खुल्या गटातल्या महिलांना आरक्षणासाठी नॉन-क्रिमीलेयर लागायचं, ती अट मे २०२३ च्या जीआरने काढली. माझ्या बहिणीची जाहिरात त्याच्या आधीची होती.

कोर्टवारी

जाहिरात ज्या दिवशी निघाली त्या दिवशीची अट, ही सर्वसाधारण रीत. नवा निर्णय मागच्या भरतीला लावायचा असेल तर तसं त्या निर्णयात स्पष्ट हवं. आणि उलट बाजूने, सरकारलाही मधेच अट कडक करता येत नाही. ७ नोव्हेंबर २०२४ ला पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने तेज प्रकाश पाठक प्रकरणात ते पक्कं केलंय. राजस्थान हायकोर्टात अनुवादकांची भरती होती, परीक्षा झाल्यावर किमान ७५ टक्के गुणांची अट घातली गेली होती. घटनापीठ म्हणालं की भरती सुरू होते ती जाहिरातीने आणि संपते जागा भरल्यावर, या दोन्हींच्या मधे पात्रतेचे निकष बदलायचे नाहीत, नियमात किंवा जाहिरातीत तशी मुभा आधीपासून दिलेली असेल तरच, आणि तेव्हाही तो बदल मनमानी नको. शुद्धिपत्रक आलं की हा निकाल आठवायचा. पण सगळी शुद्धिपत्रकं बेकायदा नसतात हेही लक्षात घ्या, मूळ जाहिरातच सेवा प्रवेश नियमांच्या विरुद्ध निघाली असेल तर ती नियमाप्रमाणे दुरुस्त करणं त्यांना भागच असतं. नियम आणि जाहिरात भांडले तर नियम जिंकतो.

पुलाजवळ

मी सिव्हिलमध्ये बीई केलंय. पदाला डिप्लोमा मागितला होता, मी अर्ज केला, नाकारला. डिग्री डिप्लोमापेक्षा मोठी नाही का? शाळकरी पोरालाही कळेल हे. यावर कुणी काही बोलेल का, मी गेली दोन वर्षं याच प्रश्नात अडकलोय.

कोर्टवारी

दादा तुमचा राग समजतो, पण ‘मोठी’ हा शब्द कायद्यात असा चालत नाही. यात दोन्ही बाजूंचे निकाल आहेत आणि ते नीट वाचले तर एकमेकांच्या विरुद्ध नाहीत.

केरळमध्ये वीज मंडळात सब-इंजिनियरच्या भरतीत डिप्लोमा मागितला होता आणि बी.टेक. वाल्यांना घ्यायला लावलं, ज्योती के. के., २०१०. का, तर तिथल्या नियमातच लिहिलं होतं की वरच्या अर्हतेत खालची अर्हता गृहीत असेल तर वरची चालेल. हिमाचलमध्ये ज्युनियर इंजिनियरच्या वादात २०२१ मध्ये पुनीत शर्माच्या केसमध्येही डिग्रीवाल्यांना पात्र धरलं, कारण त्याच नियमांत डिग्रीधारक ज्युनियर इंजिनियरना पुढे बढतीचा वेगळा कोटा होता, मग डिग्रीवाला त्या पदावर येऊच शकत नाही असं म्हणणार कसं.

आणि २०१८ मध्ये झहूर अहमद राथर. जम्मू-काश्मीरच्या वीज खात्यात टेक्निशियन-३ ला दहावी आणि आयटीआय मागितलं होतं, डिप्लोमावाले आले. त्यांना नाही घेतलं, कारण तिथल्या नियमात केरळसारखं कलम नव्हतं. आयटीआयमध्ये हाताचं काम शिकवतात, डिप्लोमा त्याच्या वरची पायरी आहे असं आपोआप म्हणता येत नाही, आणि समकक्षता ठरवणं हे नोकरी देणाऱ्याचं काम, कोर्टाचं नाही.

त्यामुळे तुमच्या पदाचे सेवा प्रवेश नियम मिळवा, राजपत्रात असतात. त्यात ‘किंवा उच्च अर्हता’ असे शब्द आहेत का, बढतीच्या कलमात डिग्रीवाल्यांचा उल्लेख आहे का, एवढंच शोधा. असेल तर बोला. नसेल तर दोन वर्षं पुरेत, तिसरं घालवू नका, हे भाऊ म्हणून सांगतो.

एक गोष्ट मात्र कधीच करू नका, जास्तीची पदवी लपवू नका. पंजाब नॅशनल बँकेच्या शिपायाच्या जागेसाठी बारावी हवी आणि पदवीधर नको अशी अट होती, एकाने पदवी लपवून अर्ज केला, २०२० मध्ये सुप्रीम कोर्टाने त्याच्या विरुद्ध निकाल दिला. लपवलेलं बाहेर आलं की पात्रतेचा मुद्दा मागे पडतो आणि विश्वासाचा पुढे येतो.

पुलाजवळ

नियम शोधतो. ‘तिसरं वर्ष घालवू नका’ हे वाचून थोडं लागलं, पण घरातलं कुणी हे बोललं नव्हतं.

निवृत्त_अधीक्षक

यात आपल्या राज्यातला एक निकाल जोडतो कारण लोकसेवा आयोगाच्या प्रत्येक उत्तरात तो असतोच. महाराष्ट्र लोकसेवा आयोग विरुद्ध संदीप वराडे, मे २०१९. औषध निरीक्षक आणि सहायक आयुक्त (औषधे) या पदांच्या अनुभवाच्या अटीवरून वाद होता, संशोधन प्रयोगशाळेतला अनुभव धरायचा का नाही. सुप्रीम कोर्टाने सांगितलं की पदाला काय अर्हता हवी हे नोकरी देणारा ठरवणार, कोर्टाने जाहिरात नव्याने लिहायची नाही. त्यात पुढे एक वाक्य आहे जे उमेदवारांनी वाचायला हवं आणि कुणी वाचत नाही, जाहिरातीत संदिग्धता असेल किंवा ती नियमाच्या विरुद्ध असेल तर प्रकरण फेरविचारासाठी परत त्या प्राधिकाऱ्याकडे जाईल. म्हणजे दार पूर्ण बंद नाही.

खडूफळा

मी शिक्षक भरतीतली आहे, आमच्याकडे तर पात्रतेने पिढ्याच्या पिढ्या हलवल्यात. २८ जून २०१८ ला एनसीटीईने, म्हणजे शिक्षक शिक्षणाच्या राष्ट्रीय परिषदेने, अधिसूचना काढली की पहिली ते पाचवीला बीएडही चालेल, नंतर सहा महिन्यांचा ब्रिज कोर्स करायचा. लाखो पोरांनी ते बघून बीएडला ॲडमिशन घेतली, जमिनीचा तुकडा विकून फी भरलेलेही माझ्या माहितीत आहेत. ११ ऑगस्ट २०२३ ला देवेश शर्माच्या निकालात सुप्रीम कोर्टाने ती अधिसूचना रद्द ठरवली, लहान मुलांना शिकवायचं शास्त्र वेगळं आहे आणि ते डीएडवाल्यांना शिकवलेलं असतं, बीएडवाल्यांना नाही.

मी डीएडची आहे. त्या दिवशी आमच्या ग्रुपवर लोक नाचत होते आणि मला नाचता आलं नाही, कारण माझी जाऊ बीएड आहे, एकाच घरात दोघी अभ्यास करत होतो. निकालाचं कारण मला पटतं, पहिलीच्या वर्गात उभं राहिल्याशिवाय कळत नाही की ते काम किती वेगळं आहे. पण जी पोरं सरकारचा कागद वाचून त्या वाटेने गेली त्यांची चूक काय होती? पुढे एप्रिल २०२४ मध्ये कोर्टाने स्पष्ट केलं की निकालाच्या आधी ज्यांच्या नेमणुका झाल्या त्यांना संरक्षण राहील, ब्रिज कोर्स करून. नेमणुका झालेल्यांना. अभ्यास करत बसलेल्यांना काही नाही, त्यांचं वय तेवढं गेलं.

आणि आता १ सप्टेंबर २०२५ चा टीईटीचा (शिक्षक पात्रता परीक्षेचा) निकाल, तो तर आपल्याच राज्यातून गेलेल्या प्रकरणातला. ज्यांची नोकरी पाच वर्षांपेक्षा जास्त उरलीय त्या कामावर असलेल्या शिक्षकांनाही दोन वर्षांत टीईटी पास व्हावी लागणार, पाच वर्षांच्या आत निवृत्त होणाऱ्यांना राहता येईल पण बढती हवी असेल तर टीईटी लागेलच. माझ्या शाळेतले एक सर बावन्न वर्षांचे आहेत, त्यांच्याच हाताखालची मुलं आज टीईटीचे क्लास घेतात. ते सर रोज संध्याकाळी बालमानसशास्त्राचं पुस्तक घेऊन बसतात. मी त्यांना प्रश्नपत्रिका आणून देते.

माळरान

खडूफळा ताई, तुमची पोस्ट दोनदा वाचली. सरांना यश मिळो.

कोर्टवारी दादा, पत्र मिळालं. निकालाची तारीख आपण म्हणत होतो तीच आहे, सही-शिक्क्यासकट. खात्याला निवेदन दिलं त्याला आज सतरा दिवस झाले, पोच आहे, उत्तर नाही. वाट बघायची का?

कोर्टवारी

नाही. कायद्यात मुदत आहे ती वर्षाची, निवेदनावर उत्तर आलं नाही तर सहा महिने थांबून पुढे वर्ष मोजतात, हे सगळं प्रशासकीय न्यायाधिकरण कायद्याच्या कलम २१ मध्ये आहे. पण भरतीत वर्षभर थांबलेला माणूस कागदावर मुदतीत असला तरी हातात काही उरत नाही, तोपर्यंत दुसरा जॉइन होऊन प्रोबेशनही संपत आलेला असतो. नेमणुकीचे आदेश निघायच्या आत उभं राहायचं.

कुठे जायचं ते खात्यावर आहे. राज्य शासनाचं खातं असेल तर मॅट, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, मुंबई, नागपूर किंवा छत्रपती संभाजीनगर. जिल्हा परिषद किंवा महानगरपालिका असेल तर मॅट नाही, थेट हायकोर्टात रिट याचिका. केंद्राचं असेल तर कॅट, म्हणजे केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण. मॅटचा निर्णय पटला नाही तर हायकोर्टाचं खंडपीठ, हे १९९७ च्या एल. चंद्र कुमार निकालापासून ठरलंय. चुकीच्या दारात गेलात तर दोन-तीन महिने तिथेच जातात, म्हणून वकिलांना पहिला प्रश्न हाच विचारा.

दुसरं, तिच्या जागी ज्याचं नाव यादीत वर आलंय त्याला पक्षकार करा. मन मानत नाही, त्या पोराची काही चूक नसते, मला माहितीये. पण त्याला न ऐकता त्याच्या विरुद्ध आदेश होऊ शकत नाही, १९८४ च्या प्रबोध वर्मा निकालापासून हे चालत आलंय, आणि पक्षकार केलं नाही म्हणून चांगल्या केसेस पडलेल्या मी बघितल्यात.

तिसरं, मागायचं काय ते मोजून मागा. सगळ्या भरतीला स्टे मागू नका, कोर्ट देत नाही आणि हजार घरांचे शाप लागतात. एक जागा रिकामी ठेवा एवढंच मागा.

रात्रअभ्यास

पण समोरचे म्हणतील ना की अट माहीत असून परीक्षेला बसलात, आता तक्रार करता येणार नाही?

कोर्टवारी

हा मुद्दा घेतातच. आणि अटच चुकीची आहे असं म्हणायचं असेल तर तो लागूही पडतो, मदन लाल, १९९५, निवड होत नाही म्हटल्यावर निवडीची पद्धत चूक होती असं म्हणता येत नाही. म्हणून अटीवर आक्षेप असेल त्याने परीक्षेच्या आधीच लेखी आक्षेप घ्यावा. पण २०१९ मध्ये मीता सहाय यांच्या केसमध्ये कोर्टाने मर्यादा घातली. त्या डॉक्टर, सैन्याच्या हॉस्पिटलमध्ये काम केलेलं, बिहारच्या भरतीत त्यांचा तो अनुभव धरला नव्हता कारण तिथे फक्त राज्याच्या हॉस्पिटलांचा धरत होते. कोर्ट म्हणालं, भरतीत भाग घेतला म्हणजे पद्धत मान्य केली, त्यातला बेकायदेशीरपणा मान्य केला असं नाही.

माळरान यांच्या बहिणीला तर अटीवर आक्षेपच नाहीये. अट मान्य आहे, अट लावताना चूक झाली आहे.

टपाल१२

मधेच विचारतो, फॉर्म भरताना झालेली चूक पण यातच येते का? माझ्या पुतण्याचा फॉर्म सेवा केंद्रवाल्याने भरला, जन्मतारखेत एक आकडा चुकला. पोलीस भरती. पोरगं रात्री झोपत नाहीये.

कोर्टवारी

काका, पुतण्याला वशिष्ठ नारायण कुमारचा निकाल वाचून दाखवा, २ जानेवारी २०२४. बिहारचा पोरगा, कॉन्स्टेबल भरती, सायबर कॅफेतून फॉर्म भरलेला, १८ डिसेंबर १९९७ च्या ऐवजी ८ डिसेंबर १९९७ पडलं. सगळे टप्पे पास, शेवटी नाव बाद. हायकोर्टातही हरला. सुप्रीम कोर्टाने सांगितलं की या चुकीने त्याला कसलाही फायदा झालेला नाही, दोन्ही तारखांनी तो वयात बसतोच, दाखले त्यानेच स्वतःहून दिलेत, एवढ्याशा चुकीसाठी त्याला बाहेर काढता येणार नाही. नेमणूक द्यायला लावली.

पुतण्याची चूक अशीच असेल, म्हणजे खऱ्या तारखेनेही तो वयात बसत असेल, तर आत्ताच लेखी कळवा, पडताळणीपर्यंत थांबू नका. स्वतःहून सांगितलेली चूक आणि पकडली गेलेली चूक यात फार अंतर पडतं.

टपाल१२

बसतो, दोन्ही तारखांनी बसतो. आज रात्रीच अर्ज लिहितो. देव भलं करो तुमचं.

निवृत्त_अधीक्षक

अर्ज नुसता ईमेलने पाठवू नका, आवक-जावक शाखेत प्रत्यक्ष देऊन दुसऱ्या प्रतीवर शिक्का, तारीख आणि आवक क्रमांक घ्या. तीस वर्षांत मी एवढं शिकलो की ज्याच्याकडे शिक्क्याची प्रत आहे त्याचाच अर्ज सापडतो.

आणि आम्ही आस्थापनावाल्यांनीही एक करायला हवं, मी नोकरीत असताना दोनदा टिपणी टाकली होती. ‘अपात्र’ लिहायच्या आधी उमेदवाराला सात दिवसांची लेखी संधी द्या, कुठल्या कलमाखाली अपात्र ते लिहा. निम्मे वाद तिथेच मिटतील. टिपणी दोन्ही वेळा फाईलला लागली आणि तिथेच राहिली. आता जे खुर्चीत आहेत त्यांच्यातलं कुणी हे वाचत असेल तर परत टाका ती टिपणी.

माळरान

अपडेट देतो.

मॅटमध्ये अर्ज दाखल झाला. वकिलांनी तोच मुद्दा धरला, जाहिरातीतली ती दुसरी ओळ आणि निकालाच्या तारखेचं पत्र, बाकी फारसं काही लिहिलंच नाही, अर्ज सगळा मिळून अकरा पानांचा. काल पहिली तारीख होती. सरकारी वकिलांनी उत्तराला वेळ मागितला. तोपर्यंत त्या प्रवर्गातली एक जागा रिकामी ठेवा असा आदेश झाला, भरतीचा निकाल आमच्या अर्जाच्या अंतिम निर्णयाच्या अधीन. पुढची तारीख चार आठवड्यांनी.

ज्याला पक्षकार केलंय तो मुलगा पण आला होता, वडिलांबरोबर. बाहेर बाकावर आम्ही शेजारीच बसलो होतो, आधी कुणी कुणाशी बोललं नाही. मग त्याच्या वडिलांनी बहिणीला विचारलं, किती वर्षं अभ्यास करतेस? ती म्हणाली चार. ते म्हणाले याची पाच झाली. मग आमची नावं पुकारली.

आज सकाळी ती परत अभ्यासिकेत गेली आहे, पुढच्या जाहिरातीचा अर्ज भरायचाय. सर्टिफिकेटला निकालाच्या तारखेचं पत्र पिन लावून ठेवलंय.